आधी माणूस अडकव

चि. लेखिकेस, अनेक आशीर्वाद.

संहिता वाचली. दिग्दर्शनही आपणच करावं का, म्हणजे कुणी वाट लावणार नाही, असं विचारतेस. ते नंतर बघू. तुझा सोसायटीचा सेक्रेटरी वाक्यावाक्याला पंच टाकतो आणि मला एकदाही हसू आलं नाही, हे आधी. येणार कसं? त्याला कसली अडचणच नाही गं! आधी माणूस अडकव.

'भेजा फ्राय' (२००७) तुला पाठ असेल. तो ज्याच्यावर बेतला, तो फ्रेंच लेखक-दिग्दर्शक फ्रान्सिस व्हेबेरचा सिनेमा 'ल दिने द कों' बघ. दर आठवड्याला एकेक बावळट जेवायला आणून त्याची टिंगल करणारी बडी मंडळी. त्यातल्या ब्रोशां नावाच्या प्रकाशकाची पाठ धरते, बायको घर सोडून जाते आणि सोबतीला उरतो आजचा बावळट पिन्यों, आगकाड्यांच्या प्रतिकृती करणारा सरकारी नोकर. बायकोचा पत्ता काढायला पिन्योंने तिच्या जुन्या मित्राला फोन करायचा. बेल्जियन निर्माता बनून, कादंबरीचे हक्क हवेत म्हणून. पिन्यों इतका मन लावून घासाघीस करतो की हक्क स्वस्तात मिळाल्याच्या आनंदात फोन ठेवूनच देतो. बायकोचं विचारायचं राहून जातं! यात कोटी कुठे आहे, दाखव मला. एकाला उठता येत नाही, दुसऱ्याला मदत केल्याशिवाय राहवत नाही. दोघंही एका घरात अडकलेत. तू असतीस तर पिन्योंच्या तोंडी चार विनोदी वाक्यं घातली असतीस आणि सगळं घालवलं असतंस.

आता दिग्दर्शनाचं. व्हेबेर पहिल्यांदा त्या खुर्चीत बसला १९७६ मध्ये, चाळिशीला टेकल्यावर. त्याआधी दुसऱ्यांसाठीच लिहीत होता. १९७३ च्या 'लांमर्दर'मध्ये एक भाडोत्री मारेकरी हॉटेलच्या खिडकीत नेम धरून बसलाय आणि शेजारच्या खोलीत एक विक्रेता जीव द्यायला निघालाय. म्हणजे पोलीस येणार, गर्दी होणार! एवढ्यावर सिनेमा चालतो, कारण माणूस अडकलाय. पुढे हॉलिवूडमध्ये स्वतः दिग्दर्शित केलेला १९९२ चा सिनेमा आपटला. मग तो रंगभूमीकडे वळला. ते जेवणाचं प्रकरण १९९३ मध्ये पॅरिसला नाटक म्हणून आलं. सिनेमा १९९८ चा, आणि त्याची फ्रान्समध्ये ९० लाखांवर तिकिटं गेली. थिएटरात रोज रात्री हशा कुठे येतो आणि कुठे येत नाही, हे इतकं ऐकून झालेलं. तुला मात्र थेट कॅमेरा हवा.

२००८ मध्ये त्याने 'लांमर्दर' स्वतः पुन्हा केला आणि तोही पडला. तू लगेच म्हणशील, सर, तिथे तर माणूस अडकलेलाच होता की. मान्य. पण खुर्ची स्वतःची असूनही वाचला नाही ना?

मी कधी दिग्दर्शन केलं नाही, आणि त्याची चुटपुट आहे. नाही कशाला म्हणू? एका निर्मात्याने माझ्याकडे पानामागे तीन पंच मागितले होते. मी दिले नाहीत. मालिका दुसऱ्याकडे गेली, चाललीही जोरात. घरचे अजून म्हणतात, दिले असतेस तर काय बिघडलं असतं? बिघडलं असतं! ते पंच माझ्या पात्रांचे नव्हते, त्या निर्मात्याचे होते. पैशाची ओढाताण झाली, ती झाली. मी आजही देणार नाही.

तुला लिहिता येतं, म्हणून चिडतोय. तुझ्याच संहितेत अठराव्या पानावर खजिना पडलाय: बॅचलर मुलांना भाड्याने जागा द्यायची नाही असा ठराव करणाऱ्या सेक्रेटरीने स्वतःचाच दुसरा फ्लॅट गुपचूप एका बॅचलरला दिलाय. हे तू एका वाक्यात उडवून टाकलंस आणि पुढे पुन्हा कोट्या! ते पहिल्या पानावर आण. पोराला मिटिंगच्या दिवशीच चावी हरवू दे, आणि भर मिटिंगमध्ये त्याला ती सेक्रेटरीकडेच मागायला येऊ दे. सेक्रेटरीच्या तोंडचे सगळे पंच काढ. मग पाठव.