मेपलचा पाक आणि नागपूरचा नवतपा

प्रश्न : आमची मुलगी ओटावाला असते. यंदा येताना तिने मेपलच्या पाकाची बाटली आणि घरासमोरच्या मेपलच्या मूठभर पंखवाल्या बिया आणल्या. आमच्या घरामागे थोडी मोकळी जागा आहे. तेथे ही झाडे लावली तर काही वर्षांनी घरचा पाक मिळेल काय? आणि उघडलेली बाटली फ्रिजमध्ये ठेवावी की बाहेर?
— एक वाचक, धरमपेठ, नागपूर

उत्तर : पाक मिळणार नाही, आणि त्याला आपली माती नव्हे, आपल्या रात्री कारण आहेत. पाकासाठी मुख्यतः वापरल्या जाणाऱ्या शुगर मेपलचा रस साधारणपणे फेब्रुवारी ते एप्रिल या काळात, म्हणजे आपल्याकडे पळस फुललेला असतो त्या सुमारास, काढतात. मात्र तो वाहण्यासाठी रात्री पारा शून्याखाली आणि दिवसा शून्याच्या काही अंश वर जावा लागतो. मेपलच्या लाकडातील तंतूंमध्ये पाण्याऐवजी हवा असते. रात्रीच्या गोठणीत ती आक्रसते, तेथे बर्फ धरतो आणि झाड मुळांवाटे आणखी पाणी वर ओढून घेते. दिवसा बर्फ वितळला की दाबलेली हवा फुगते आणि खोडाला पाडलेल्या छिद्रातून रस थेंबथेंब बाहेर पडतो. नागपुरात डिसेंबर-जानेवारीची थंडी कितीही बोचरी वाटली, तरी झाडाच्या दृष्टीने ती गोठण नव्हे.

हा रस काकवीसारखा दाट असेल अशी अनेकांची समजूत असते. प्रत्यक्षात तो पाण्यासारखा नितळ असतो आणि त्यात साखर जेमतेम दोन टक्के असते. घरी पिण्याच्या पाण्याचे वीस लिटरचे जे कॅन येतात, तसे दोन कॅन भरून रस आटवावा तेव्हा हाती सुमारे एक लिटर पाक येतो. पाण्याच्या उत्कलनबिंदूपेक्षा चारेक अंश अधिक तापमानाला तो उकळू लागला की साखर ६६ टक्क्यांच्या आसपास पोहोचते आणि पाक तयार झाला असे समजतात. त्याचा सोनेरी-तपकिरी रंग आणि खमंग वास रसात मुळात नसतो, तो आटवताना येतो. एवढी वाफ स्वयंपाकघरात मावणारी नसल्यामुळे हे काम छताला झरोका ठेवलेल्या वेगळ्या शेडमध्ये चालते. झाडावर कळ्या उमलू लागल्या की रसाची चव बिघडते आणि हंगाम आटोपतो.

आपल्याकडे शिंदीची नीरा काढतात, तिच्याशी तुलना करण्याचा मोह होतो. तीही झाडाला छेद देऊनच मिळते. परंतु शिंदीला छेद शेंड्याजवळ देतात, तिला गोठणीची गरज नसते आणि तिच्यात साखर मेपलच्या रसाच्या कितीतरी पट असते. गोड रस देणारे झाडच हवे असेल, तर आमच्या मते विदर्भातल्या माणसाने आधी शिंदीकडे पाहावे.

आता बियांविषयी. ओलसर वाळूत दोन-तीन महिने फ्रिजच्या गारव्यात ठेवल्याशिवाय त्या सहसा रुजत नाहीत. रुजल्याच तर रोप पावसाळ्यात तग धरेलही, पण मे महिन्याच्या अखेरीस नवतप्याच्या झळांत टिकणे कठीण आहे. शिवाय त्याच्या मूळ प्रदेशातसुद्धा छिद्र पाडण्याजोगे, म्हणजे सुमारे पंचवीस-तीस सेंटिमीटर जाडीचे खोड होण्यास चाळीसेक वर्षे लागतात. परदेशातून बियाणे आणण्यासाठी आयात परवाना आणि वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र आवश्यक असते, हेही कन्येच्या कानावर घालावे.

बाटली उघडल्यावर फ्रिजमध्येच ठेवावी, कारण खऱ्या मेपलच्या पाकावर बाहेर बुरशी धरते. तशी दिसल्यास तो टाकून द्यावा. बाजारात मेपलच्या स्वादाचे म्हणून मिळणारे पुष्कळसे पाक साखरेचे किंवा मक्याच्या पाकाचे असतात, तेव्हा पुढची बाटली येथे घेताना लेबलावरील घटकांची यादी वाचावी. त्यात मेपलच्या पाकाखेरीज दुसरे काही नसावे.