कोर्टाचा आदेश होऊन दहा महिने झाले, खातं थकबाकी देत नाही. अवमान याचिका करू की अजून एक स्मरणपत्र देऊ?

स्मरणपत्र हा शब्द वाचला आणि माझं डोकंच उठलं.

माझ्या वेतनफरकाच्या रिट याचिकेत उच्च न्यायालयाने खात्याला बारा आठवडे दिले होते. बाराचे वीस झाले, फाइल हलेना. आमचे मोठे मेहुणे सरकारी नोकरीतून निवृत्त, त्यांचा एकच धोशा : ‘साहेबांना दुखवू नका, तुमच्या पेन्शनचे कागद त्यांच्याच हातात आहेत.’ ऐकलं मी. पाच स्मरणपत्रं दिली. मग वकिलांनी विचारलं, ‘वर्ष कधी संपतंय?’ मला वाटलं आर्थिक वर्ष!

1971 च्या न्यायालय अवमान अधिनियमाचं कलम 20 बघा. अवमान घडल्यापासून एक वर्ष, बस. आदेशातली मुदत टळली की ते मोजायला सुरुवात, आणि स्मरणपत्रांनी त्यात एक दिवसही वाढत नाही. ‘अवमान रोजच चालू आहे’ या युक्तिवादाच्या भरवशावर राहू नका. माझे सतरा दिवस उरले होते.

वाचवलं ते एका शिक्क्याने. आदेशाची प्रमाणित प्रत खात्यात द्यायला गेलो होतो तेव्हा आवक-जावकचा कारकून म्हणाला, ‘ठेवून जा, शिक्का नंतर मारतो.’ मी टेबलापुढून हललोच नाही. शेवटी वैतागून मारला, तोही शाई सुकलेला. तारखेतला महिना जेमतेम दिसत होता. म्हणून आवक क्रमांक पेनाने लिहून घेतला. पुढे साहेबांचं प्रतिज्ञापत्र आलं : ‘सदर आदेशाची प्रत कार्यालयास प्राप्त झाल्याचे आढळून येत नाही.’ न्यायमूर्तींनी माझी पोच डोळ्यांजवळ धरून क्रमांक वाचला आणि सरकारी वकिलांना आवक नोंदवही आणायला सांगितली. पुढच्या तारखेला नोंदवही काही आली नाही. पैसे जमा झाले आणि साहेबांची बिनशर्त माफी आली.

साहेब आत गेले का? नाही. कायद्यात जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद आणि 2000 रुपये दंड आहे, पण माफी प्रामाणिक वाटली तर कोर्ट सोडून देतं. तरी 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सॉ मिलच्या परवानग्यांवरून आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव यांना महिनाभराची कैद सुनावली होती. हे सांगितलं तर मेहुणे म्हणतात, ‘ते सर्वोच्च न्यायालय होतं!’

तर याचिका करा, आणि खात्याबरोबर जबाबदार अधिकाऱ्यालाही नावानिशी प्रतिवादी करा. ‘आम्ही अपील केलंय’ म्हणाले तर स्थगिती दाखवा म्हणायचं.

हो, एक राहिलंच. आदेशात ‘अर्जावर निर्णय घ्यावा’ एवढंच असेल आणि त्यांनी नकार कळवला असेल, तर तो सहसा अवमान होत नाही, नवी याचिका लागते. दिवाणी न्यायालयाचा पैशांचा हुकूमनामा असेल तर दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करा. मनाई हुकूम मोडला असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 39, नियम 2-अ याखाली अर्ज करा. आपापल्या वकिलांना विचारा, मी वकील नाही.

आणि ते दुखावण्याचं म्हणाल, तर माझं पेन्शन चार महिन्यांत सुरू झालं. मेहुण्यांनी कधी कुणाला दुखवलं नाही, त्यांना दीड वर्ष लागलं.