काळशक्तीची किंमत आधी ठरव

तुझ्या कथेतली काळशक्ती मला मनापासून आवडली. पण पहिल्याच प्रकरणात नायक तिच्या जोरावर नदी थांबवतो, मेलेलं वासरू उठवतो आणि त्याला साधी धापही लागत नाही. तिथे माझी उत्सुकता ओसरली.

शक्ती काय काय करते ते नंतर लिही. ती वापरल्यावर काय खर्च होतं, ते आधी ठरव. एमी नोएथर या गणितज्ञ बाईंनी १९१८ साली दाखवून दिलं, की निसर्गाचे नियम काळानुसार बदलत नाहीत म्हणूनच ऊर्जा अक्षय्य राहते. म्हणजे तुझ्या जगात कुणी काळालाच हात घातला, तर ऊर्जेचा हिशेबही बिघडणार. बिघडू दे की! वासरू उठलं त्या क्षणी घरातली पेटती चूल विझू दे, माणसं भर उन्हात कुडकुडू देत.

मोजमापही आपलंच घे. ६० पळांची घटका, ६० घटकांचा दिवस. घटका म्हणजे २४ मिनिटं. लग्नाच्या मुहूर्तासाठी पाण्यावर सोडायचे ते घटिकापात्र आठव. तळाशी बारीक भोक, त्यातून पाणी झिरपत आत येतं आणि घटका भरली की वाटी बुडते. अशी एक वाटी तुझ्या गावातल्या म्हातारीच्या हाती दे. शक्ती वापरली की ती वेळेआधी बुडते, एवढं दाखवलंस तरी वाचक दचकेल.

राजांच्या वंशावळी, नकाशे आत्ता बाजूला ठेव. वासराचा प्रसंग तेवढा नव्याने लिहून मला दाखव.