शंका-समाधान : ‘ऽ’ या खुणेचा उच्चार काय?

प्रश्न : ‘सोऽहम्’, ‘कोऽपि’ अशा शब्दांच्या मध्ये एक वाकडी खूण असते. तिचा उच्चार ‘अ’ असा करावा, असे मला शाळेत सांगितले होते. कथा-कादंबऱ्यांतील संवादांत मात्र ‘आईऽऽ’, ‘अरेऽ’ असेही छापलेले आढळते आणि तेथे ती खूण स्वर लांबवण्यासाठी आहे हे उघड दिसते. एकाच खुणेची अशी दोन कामे कशी झाली? तिला विरामचिन्ह म्हणावे की अक्षर?

उत्तर : या खुणेचे नाव अवग्रह. आपल्याला शाळेत जे सांगितले गेले ते अर्धे बरोबर आहे. या खुणेचा ‘अ’शी संबंध आहे, परंतु तो अ तेथे उच्चारायचा नसतो; तेथे एक अ होता आणि आता तो उरलेला नाही, एवढेच ती डोळ्यांना सांगते. ‘सः’ आणि ‘अहम्’ हे शब्द एकत्र आले की विसर्गाचा ओ होतो आणि पुढचा ऱ्हस्व अ त्या ओमध्ये विरून जातो. पाणिनीने अष्टाध्यायीत ‘एङः पदान्तादति’ (६.१.१०९) या सूत्रात हा नियम सांगितला आहे : पदाच्या शेवटी ए किंवा ओ असून त्यापुढे ऱ्हस्व अ आला, तर दोहोंच्या जागी आधीचाच स्वर राहतो. त्याला पूर्वरूप संधी म्हणतात. म्हणून ‘ते अपि’चे ‘तेऽपि’ होते आणि ‘नमः अस्तु’चे ‘नमोऽस्तु’. उच्चार अनुक्रमे ‘तेपि’ आणि ‘नमोस्तु’ असाच करायचा. मध्ये थांबायचे नाही, ओ नेहमीपेक्षा लांबवायचा नाही आणि अ तर मुळीच म्हणायचा नाही.

हे पटवण्यासाठी छंदासारखा निष्पक्ष साक्षीदार दुसरा नाही. भगवद्गीतेतील ‘कर्मण्येवाधिकारस्ते’ हा श्लोक (२.४७) बहुतेकांना पाठ असतो. त्याचा शेवटचा चरण ‘मा ते सङ्गोऽस्त्वकर्मणि’ असा आहे. हा अनुष्टुभ छंद असल्यामुळे प्रत्येक चरणात आठ अक्षरे हवीत. मा, ते, सङ्, गोस्, त्व, कर्, म, णि अशी मोजली तर बरोबर आठ भरतात. अवग्रहाच्या जागी अ उच्चारला तर नऊ होतात आणि चरण मोडतो. अवग्रहाचा उच्चार ‘अ’ करणाऱ्यांनी हा चरण एकदा बोटांवर मोजून पाहावा, अशी माझी कळकळीची विनंती आहे, कारण पाठांतरात शिरलेली ही चूक पुढच्या पिढीकडे तशीच जाते.

उच्चारात काहीच फरक पडत नसेल तर खूण हवी कशाला, असे आपण विचाराल. तिचा उपयोग अर्थासाठी आहे. ‘नरो धीरः’ म्हणजे माणूस धीराचा आहे. ‘नरोऽधीरः’ म्हणजे माणूस अधीर आहे. दोन्ही वाक्ये कानाला अगदी सारखी ऐकू येतात आणि अर्थ मात्र नेमका उलटा होतो. ऐकणारा संदर्भावरून अर्थ लावतो. वाचणाऱ्याला मात्र ही एक वाकडी रेघ संधी कोठे सोडवायचा ते दाखवते. जुन्या हस्तलिखितांत पुष्कळदा अवग्रह लिहिलेला नसतो आणि पदे कोठे तोडायची हे वाचकाने आपल्या व्याकरणज्ञानावर ठरवायचे असते. छापील संस्कृत पुस्तकांमध्ये ही खूण नियमितपणे दिसते, ती मुख्यतः वाचकाच्या सोयीसाठी. काही संपादक याच्याही पुढे जाऊन ‘तथा आत्मा’ या पदांचा संधी ‘तथाऽऽत्मा’ असा दोन अवग्रहांनी छापतात, म्हणजे येथे ऱ्हस्व अ नसून दीर्घ आ मिसळला आहे हे कळावे. व्याकरणाच्या दृष्टीने ‘तथात्मा’ एवढे पुरेसे आहे. दोन अवग्रह ही निव्वळ वाचकासाठी केलेली सोय आहे, आणि नवशिक्यांच्या पुस्तकांत ती मला योग्य वाटते.

आता नावाविषयी, कारण त्यातच आपल्या प्रश्नाच्या उत्तरार्धाची उकल आहे. अव उपसर्ग लागलेल्या ‘ग्रह्’ धातूपासून हा शब्द आला आहे आणि अडवणे, वेगळे धरणे हा त्याचा एक अर्थ आहे. पाऊस अडून राहतो त्यालाही संस्कृतात अवग्रह म्हणतात. वेदपठणाच्या परंपरेत संहितेतील संधी सोडवून एकेक पद वेगळे म्हणण्याचा जो पदपाठ आहे, त्यात सामासिक पदाचे दोन भाग थोडेसे थांबून दाखवतात, आणि त्या थांबण्याला अवग्रह म्हणतात. ऋग्वेदाच्या पहिल्याच ऋचेच्या पदपाठात ‘पुरःऽहितम्’ आणि ‘रत्नऽधातमम्’ अशी पदे येतात. तेथे कोणताही अ लोपलेला नाही. ‘पुरः’ म्हटल्यावर क्षणभर, म्हणजे एक ऱ्हस्व स्वर उच्चारायला लागतो तेवढा वेळ, थांबून ‘हितम्’ म्हणावे, एवढीच ती सूचना आहे. म्हणजे ज्या खुणेपाशी गीतेत थांबायचे नसते, त्याच खुणेपाशी पदपाठात थांबायचे असते. सामासिक पदे तोडून दाखवणारे हे नाव पुढे लुप्त अकाराच्या खुणेलाही लागू झाले.

मराठीतील ‘आईऽऽ’ हा उपयोग या दोहोंहून निराळा आहे. दूरवर असलेल्या माणसाला हाक मारताना स्वर लांबवला जातो हे पाणिनीनेही नोंदवले आहे (८.२.८४) आणि अशा तीन मात्रांच्या स्वराला प्लुत असे नाव आहे. मात्र प्लुत दाखवण्यासाठी संस्कृतात अवग्रह वापरत नाहीत, तर स्वरापुढे तीनचा आकडा लिहितात : ‘आगच्छ भो माणवक देवदत्त३’ हे व्याकरणग्रंथांतील नेहमीचे उदाहरण. ‘ओ३म्’ असे लिहिलेले आपण पाहिले असेल. त्यातील तीन म्हणजे तीन मात्रा. मराठी लेखनात हा आकडा रूढ झाला नाही आणि त्याचे काम अवग्रहाने उचलले. गंमत अशी की ऱ्हस्व, दीर्घ आणि प्लुत या तिन्हींची व्याख्या करणारे पाणिनीचे सूत्र ‘ऊकालोऽज्झ्रस्वदीर्घप्लुतः’ (१.२.२७) छापताना त्यातच एक अवग्रह येतो, आणि त्याचा प्लुताशी काहीएक संबंध नसतो. कोंबड्याच्या आरवण्यात उ, ऊ आणि ऊ३ क्रमाने ऐकू येतात, असे या सूत्राच्या संदर्भात परंपरेने सांगितले जाते. मराठी लेखकाला तेच आरवणे लिहायचे झाले तर तो शेवटी अवग्रहच घालील.

राहिला प्रश्न विरामचिन्ह की अक्षर. स्वल्पविराम किंवा पूर्णविराम वाक्याची रचना दाखवतात, अवग्रह शब्दाच्या पोटात बसतो. म्हणून त्याला स्वल्पविरामाच्या पंक्तीत बसवणे मला योग्य वाटत नाही. दुसरीकडे, त्याला स्वतःचा ध्वनी नाही, त्यामुळे वर्णमालेतही त्याला जागा नाही. वर पाहिलेल्या प्रत्येक ठिकाणी तो आपल्या शेजारच्या अक्षराविषयी काही सांगतो : कोठे शेजारचा अ गेला, कोठे शेजारच्या पदानंतर थांबा, कोठे शेजारचा स्वर ओढा. तेव्हा त्याला उच्चारचिन्ह किंवा लेखनचिन्ह म्हणावे, हे माझे मत.

प्रश्न : मी बालकथा लिहिते. ‘खूऽऽप’, ‘खूपऽऽ’ आणि ‘खूऊऊप’ यांपैकी शुद्ध कोणते? अवग्रह किती वेळा द्यावा?

उत्तर : जो स्वर लांबतो त्याच्या लगेच पुढे अवग्रह यावा. बोलताना आपण ‘खू’मधील ऊ ओढतो, म्हणून ‘खूऽऽप’ हे बरोबर. ‘खूपऽऽ’ असे लिहिल्यास ‘प’मधील अ ओढायचा आहे असे होते, मूल हट्टाने पाय आपटत ‘खूप’ म्हणत असेल तर तेही खरे असू शकते, परंतु तो निराळा उच्चार आहे आणि लेखकाने तो जाणून लिहावा. ‘खूऊऊप’मध्ये स्वर पुन्हा पुन्हा स्वतंत्रपणे लिहिल्यामुळे नवनवीन अक्षरे उच्चारल्यासारखे होते, तर अवग्रहात स्वर एकच राहतो आणि केवळ त्याचा काळ वाढतो. नुकतेच वाचायला शिकलेले मूल प्रत्येक अक्षर सुटे करून वाचते, म्हणून बालकथेत तरी अवग्रहच घ्यावा. संख्येचा नियम नाही. साध्या ओढीला एक, दूरच्या हाकेला दोन, आणि तीनपेक्षा अधिक देण्याची गरज मला कधी पडलेली नाही. एका पानावर अशा पाच-सहा हाका आल्या, तर त्यांतील एकही वाचकाच्या कानात राहत नाही.

व्यंजन ओढायचे असेल तेथे मात्र अवग्रह चालत नाही. गप्प बसवण्याचा ‘श्श्श्’ हा उद्गार व्यंजन पुन्हा लिहूनच दाखवावा लागतो.

प्रश्न : पत्रिका, फलक इत्यादींवर ‘नमोऽ नमः’ आणि ‘ओऽम्’ असे दिसते. हे बरोबर आहे का? आणि ‘मनोनुकूल’मध्ये अवग्रह नसणे ही चूक आहे का?

उत्तर : पहिली दोन्ही रूपे चुकीची आहेत. ‘नमो नमः’मध्ये पुढे न आहे, अ नाही, जो अ नव्हताच त्याची खूण कशी करणार? ‘ओऽम्’मध्ये बहुधा ‘ओ३म्’मधील तीनच्या आकड्याची आणि अवग्रहाची सरमिसळ झाली असावी, ‘ओम्’ किंवा ‘ॐ’ लिहावे, प्लुतच दाखवायचा असेल तर ‘ओ३म्’. याउलट ‘मनोनुकूल’मध्ये ‘मनः’ आणि ‘अनुकूल’ यांचा संधी असल्यामुळे संस्कृतात ‘मनोऽनुकूल’ असे लिहिणे योग्यच आहे, परंतु मराठीत शब्द रुळल्यावर ही खूण गळून पडली आणि त्याने अर्थाची काही हानी झाली नाही. मराठी वाक्यात ‘मनोनुकूल’ लिहावे. संस्कृत वचन उद्धृत करताना मात्र अवग्रह जपावा.

प्रश्न : माझ्या गायनाच्या वहीत चिजेच्या शब्दांखाली हीच खूण आहे आणि वृत्तांच्या एका पुस्तकात गुरू अक्षराच्या डोक्यावरही आहे. हे अवग्रहच का?

उत्तर : पहिला होय, दुसरा केवळ दिसायला तसा. पं. विष्णु नारायण भातखंडे यांच्या स्वरलेखन पद्धतीत स्वर पुढच्या मात्रेपर्यंत लांबला तर स्वरांच्या ओळीत आडवी रेघ देतात आणि त्याच मात्रेखाली शब्दांच्या ओळीत अवग्रह देतात. वरच्या ओळीत ‘ग – – रे’ आणि खालच्या ओळीत ‘ये ऽ ऽ ना’ असे असेल, तर ‘ये’ हे अक्षर गंधारावर तीन मात्रा धरून चौथ्या मात्रेला ऋषभावर ‘ना’ म्हणायचे. ‘आईऽऽ’मधील अवग्रहाचेच हे मोजून-मापून केलेले रूप आहे; कथेतला अवग्रह किती लांबवायचा हे वाचक ठरवतो, येथे ते ताल ठरवतो.

छंदःशास्त्रात मात्र लघूची खूण सरळ उभी रेघ आणि गुरूची खूण वाकडी रेघ अशी पद्धत आहे. ती वाकडी रेघ छापताना अवग्रहाचाच खिळा वापरला जातो, म्हणून यगण ‘।ऽऽ’ असा आणि तगण ‘ऽऽ।’ असा दिसतो. तेथे तिचा अर्थ ‘दोन मात्रा’ एवढाच. मराठी पुस्तकांत बहुधा लघूसाठी अर्धचंद्र आणि गुरूसाठी आडवी रेघ देतात, त्यामुळे हा घोटाळा होत नाही.

प्रश्न : संगणकावर अवग्रह सापडत नाही म्हणून मी रोमन ‘एस’ हे मोठे अक्षर टाकतो. दिसायला सारखेच दिसते. चालेल का?

उत्तर : कृपया तसे करू नये. कागदावर छापले तर कदाचित खपून जाईल, परंतु संगणकाच्या दृष्टीने तो शब्द ‘सो-एस-हम्’ असा होतो. कोणी ‘सोऽहम्’ शोधले तर आपला मजकूर सापडणार नाही, आणि दृष्टिहीन वाचकांसाठी मजकूर मोठ्याने वाचणारी आज्ञावली मध्येच ‘एस’ म्हणण्याची शक्यता राहते. अक्षराचे वळण (फाँट) बदलले की त्या ‘एस’ला वेगळेच टोक फुटते आणि ओळीत तो उपरा दिसू लागतो. युनिकोडमध्ये अवग्रहाला देवनागरी विभागात ०९३डी हे स्वतंत्र स्थान आहे. विशेष म्हणजे तेथे त्याची गणना विरामचिन्हांत न करता अक्षरांत केली आहे, त्यामुळे अवग्रहापाशी शब्द तुटत नाही. आपल्या कळफलकावर तो सापडत नसेल तर याच पानावरील ‘ऽ’ एकदा उतरवून घ्यावा आणि आपल्या शब्दसूचीत साठवून ठेवावा.