चौदाव्या वर्षी पोहणे सोडून बास्केटबॉलकडे वळलेला मुलगा मोठा खेळाडू होऊ शकतो का?

होऊ शकतो, टिम डंकन हे त्याचे ठळक उदाहरण आहे. 1976 मध्ये कॅरिबियन समुद्रातील सेंट क्रॉई बेटावर जन्मलेला डंकन मुळात जलतरणपटू होता. परंतु 1989 च्या ह्यूगो चक्रीवादळात बेटावरील पोहण्याचा मोठा तलाव उद्ध्वस्त झाला आणि शार्कच्या भीतीने समुद्रात सराव करणे त्याला जमेना. पुढच्याच वर्षी, चौदाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, त्याची आई कर्करोगाने गेली आणि त्याचे पोहणे कायमचे सुटले.

बास्केटबॉल त्याने त्यानंतर गंभीरपणे हाती घेतला. वेक फॉरेस्ट विद्यापीठात चार वर्षे पूर्ण करून 1997 मध्ये तो एनबीए या अमेरिकेच्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगमधील सॅन अँटोनियो स्पर्स या संघाकडे आला आणि 2016 मध्ये निवृत्त होईपर्यंत त्याच संघात राहिला; 1999, 2003, 2005, 2007 आणि 2014 अशी लीगची पाच विजेतेपदे त्याने संघासोबत मिळवली. बाजूच्या कोनातून चेंडू फळीवर हलकेच आपटून जाळीत सोडणे, हा त्याचा हातखंडा फटका. दिखाऊपणा शून्य, म्हणूनच कदाचित त्याचे पोस्टर आपल्याकडे फारसे दिसत नाही. अर्थात, त्याची जवळपास सात फूट उंचीही विसरता येणार नाही.