पागडीच्या खोलीवर बँक कर्ज देत नाही, मग समोरच्या टॉवरला कसं देते?

तुम्ही लिहिलंय की लालबागला पागडीच्या, म्हणजे मालकाला एकरकमी पैसे मोजून भाड्याने घेतलेल्या, दहा बाय सोळाच्या खोलीत तुमची तिसरी पिढी राहतेय. पगार 45 हजार, आजवर एकही हप्ता चुकला नाही, तरी बँकेने खोली तारण घ्यायला नकार दिला. आणि तीच बँक समोरच्या टॉवरमध्ये कोटीचं कर्ज देते. बँकांचा आमच्या वस्तीवर राग आहे का, असा तुमचा प्रश्न.

मी 26 वर्षं एका बँकेच्या कर्ज विभागात काढली, आणि वाढलो परळच्या चाळीत. त्यामुळे टेबलाच्या दोन्ही बाजूंच्या खुर्च्या माहीत आहेत. राग म्हणाल तर नाही. (पूर्णपणे नाही, असं म्हणवत नाही. ते खाली सांगतो.)

बँक कर्ज देते ते कागदावर. हप्ते थकले की 2002 च्या सरफेसी कायद्याने तिला कोर्टाची पायरी न चढता तारण घर ताब्यात घेऊन विकता येतं. टॉवरमधल्या फ्लॅटचा नोंदणीकृत करार असतो, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट असतं, लिलाव पुकारला की कोणीतरी घेतो. तुमच्याकडे आहे भाडेपावती. खोलीत तुम्ही कितीही पिढ्या काढा, कायद्याने तुम्ही भाडेकरू. मालकाच्या संमतीशिवाय पावती दुसऱ्याच्या नावावर होत नाही, आणि होते तेव्हा तो साधारण तिसरा हिस्सा कापून घेतो. मग बँकेने लिलावात काढायचं काय?

हा घोळ जुना आहे. 1947 च्या भाडे कायद्याने मुंबईतली भाडी 1940 च्या पातळीवर गोठवली. गिरणीतल्या माणसाला त्याने आधार दिला, हे खरंच. पण पुढे त्या भाड्यात मालकाचं प्लास्टरही होईना. मग मालक रोखीने पागडी घेऊ लागले, तीही गुपचूप, कारण पागडी घेणं गुन्हा होता. ती कायदेशीर झाली 1999 च्या कायद्याने. म्हणजे पन्नासेक वर्षं लाखो माणसांनी घरासाठी मोजलेला पैसा कुठल्याच कागदावर आला नाही. झोपडपट्टीची गत याहून वाईट. तिथे फोटोपास असतो, म्हणजे झोपडीधारकाला सरकारकडून मिळालेलं फोटोचं ओळखपत्र. त्याच्यावर घर तुटण्यापासून वाचतं, गृहकर्ज मिळत नाही.

कागद नसल्याची किंमत कशी मोजावी लागते, ते घरात पाहिलंय. वडील 82 च्या संपात घरी बसले ते कायमचे. बहिणीचं लग्न ठरलं तेव्हा आईच्या पाटल्या गहाण गेल्या, उरलेले पतपेढीतून 16 टक्क्यांनी उचलले, वर दोन जामीनदार. जामीनदार म्हणजे शेजारचेच, त्यांचीही हीच अवस्था. एकाचा हप्ता चुकला की तिघांची झोप जायची. पुढे मी बँकेत होतो तेव्हा दादरचे एक गृहस्थ स्वतःचा फ्लॅट तारण ठेवून मुलाच्या परदेशातल्या शिक्षणासाठी कर्ज घेऊन गेले, आमच्या पतपेढीपेक्षा किती तरी कमी दराने. त्यांची ऐपत आमच्यापेक्षा जास्त, आणि त्यांनाच पैसा स्वस्त. विषमता पगारात असते तेवढीच या व्याजात असते, फक्त ती कोणाला दिसत नाही.

आता ते कंसातलं. आमच्याकडे एक यादी असायची, ‘निगेटिव्ह एरिया’ म्हणायचे तिला. काही गल्ल्या, काही वस्त्या. पत्ता वाचूनच फाइल बाजूला. एकदा माझ्याच गल्लीतली फाइल आली. पर्सनल लोन होतं, म्हणजे खोली तारण घ्यायचा प्रश्नच नव्हता. पगार चांगला, नोकरी कायम. ‘पत्ता पडताळणी असमाधानकारक’ असा शेरा होता. मी सही केली. त्या मुलाची आई नंतर नळावर माझ्या आईला भेटली, काही बोलली नाही.

तुमच्या पगाराचं गणित मांडू. बँक साधारण निम्म्या पगाराइतका हप्ता धरते, म्हणजे साडेबावीस हजार. साडेआठ टक्के, 20 वर्षं धरली तर कर्ज बसतं 26 लाखांच्या आसपास. रिझर्व्ह बँकेच्या नियमाने 30 लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या किमतीच्या 90 टक्के मिळू शकतात. म्हणजे घर 28-29 लाखांचं. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी त्या 90 टक्क्यांत धरत नाहीत, ते खिशातून. या किमतीत लालबागला काय मिळतं ते तुम्हाला माहीत आहे. नालासोपारा, विरार, बदलापूर ही नावं या गणितातूनच निघतात. केंद्राच्या नव्या आवास योजनेत व्याजाची सूट आहे, पण घर 35 लाखांच्या आतलं हवं. तीही तुम्हाला विरारकडेच ढकलते.

म्हाडाची सोडत मात्र सोडू नका. मुंबई महानगरात कुटुंबाचं उत्पन्न वर्षाला 6 लाखांपर्यंत असेल तर अत्यल्प गट, 9 लाखांपर्यंत अल्प. तुम्ही पहिल्या गटात बसता, वहिनी कमावत्या असतील तर कदाचित दुसऱ्या. सोडतीत नाव लागलं की बघा गंमत: तोच माणूस, तोच पगार, आणि बँका कर्ज द्यायला तयार असतात. म्हाडाचा कागद स्वच्छ असतो.

डाउन पेमेंटसाठी पर्सनल लोन काढू नका. दोन कर्जांचे हप्ते एकदम भरता भरता घर जातं, हे मी फाइलींमध्ये खूप पाहिलं.

तुमची चाळ उपकरप्राप्त, म्हणजे दुरुस्तीसाठीचा सेस भरणारी जुनी इमारत असेल, तर विकास नियंत्रण नियमावलीतल्या 33(7) या नियमाखाली पुनर्विकास होऊ शकतो. त्यात भाडेकरूला किमान 300 चौरस फूट, तेही मालकी हक्काने. बिल्डरने दिलेला करार नोंदणीकृत आहे ना, एवढं बघा. नोटरी केलेल्या कागदाला बँकेत कोणी विचारत नाही. नव्या इमारतीचा मेंटेनन्स किती येईल तेही आत्ताच विचारून ठेवा. आमच्या चाळीतली चार घरं नवी जागा भाड्याने देऊन डोंबिवलीला गेली, लिफ्टचा खर्च झेपेना म्हणून.

पण त्याच्याही आधी पावती कोणाच्या नावावर आहे ते पाहा. तिसरी पिढी म्हणता, तेव्हा मला शंका आहे ती अजून आजोबांच्याच नावावर असेल. भाडेकरू वारला तर त्याच्यासोबत राहणाऱ्या घरच्या माणसाला हक्क मिळतो, पण तो सिद्ध करायला रेशनकार्ड, वीजबिल, मतदारयादी लागते, आणि काका-आत्यांशी बोलणं लागतं. पुनर्विकासाची पात्रता यादी लागल्यावर हे बोलणं फार अवघड होतं. घरात जुन्या पावत्यांचा पत्र्याचा डबा असेलच. या रविवारी तो काढा, आणि नाव काय निघतं ते इथे खाली लिहा.