लस दिली, तरी गालफुगी झालीच कशी?

"नऊ महिन्यांची दिली, दीड वर्षाची दिली. मग हे काय?" असं म्हणत आईने मुलाच्या तोंडावरचा रुमाल बाजूला केला. सात वर्षांच्या पोराचा डावा गाल कानाखाली टम्म फुगलेला होता आणि वर आंबेहळदीचा वाळलेला लेप होता. त्याला ओम म्हणू, खरं नाव वेगळं आहे. आईच्या कडेवर दीड वर्षाची बहीण होती. तिची दुसरी लस राहिली होती आणि आई ती द्यायला तयार नव्हती. आशाताई दोनदा घरी जाऊन आल्या होत्या. शेवटी डॉक्टरांनी ओमला तपासलं आणि आईला समजवायला माझ्याकडे पाठवलं.

मी ठरलेलं उत्तर दिलं. "ताई, कुठलीच लस शंभर टक्के नसते."

वाक्य चुकीचं नाही, पण इथे ते लागूच नव्हतं, आणि कार्ड न बघता मी ते बोलून बसले होते. त्या गप्प झाल्या. पटल्यामुळे माणूस गप्प होतं ते वेगळं, हे तसं नव्हतं.

मग कार्ड मागितलं. ओमच्या कार्डावर एमआरचे दोन्ही डोस तारखांसकट लिहिलेले होते. एमआर म्हणजे गोवर आणि रुबेला. गालगुंडाचं त्यात काहीच नसतं. गालगुंडाची लस एमएमआरमध्ये असते. त्यातला मधला एम म्हणजे मम्प्स, म्हणजेच गालगुंड किंवा आपली गालफुगी. सरकारी लसीकरणात एमआर मोफत मिळते. बालरोगतज्ज्ञांची संघटना मात्र एमएमआर सुचवते: नवव्या महिन्यात, पंधराव्या महिन्यात आणि चार ते सहा वर्षांच्या दरम्यान.

"म्हणजे ओमला गालफुगीची लस दिलेलीच नाही?"

"नाही."

"मग आम्हाला कुणी सांगितलं का नाही?"

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं, म्हणून "सांगायला हवं होतं" एवढंच म्हटलं. लसीला आपण सगळेच ती द्यायच्या वयावरून ओळखतो. दंडात सुई टोचताना ही नेमकी कशाची, हे गर्दीत कोण कुणाला समजावणार? पण ज्या रोगाची लस दिलीच नाही तो झाला, की खापर लसीवर फुटतं आणि पुढच्या बाळाचा डोस चुकतो. इथे नेमकं तेच चाललं होतं.

सरकार गालगुंडाची लस का देत नाही, हेही त्यांनी विचारलं. गोवर मुलांचा जीव घेतो, न्यूमोनिया होतो, मेंदूला सूज येते. रुबेला गरोदर बाईला झाला तर बाळ बहिरं, मोतीबिंदू किंवा हृदयाचा दोष घेऊन जन्मू शकतं. गालगुंडाने मृत्यू क्वचितच होतो, म्हणून ते मागे राहिलं. माझं विचाराल तर तेही यादीत यायला हवं, कारण एका कानाचा कायमचा बहिरेपणा किंवा मेंदूच्या आवरणाची सूज या काही किरकोळ गोष्टी नाहीत. पण माझ्या मतावर त्यांच्या मुलीचा डोस अडत नव्हता.

बरोबर आलेल्या आजी इतका वेळ ओमला लिंबू सरबत पाजायचा प्रयत्न करत होत्या आणि तो दर घोटाला कळवळत होता. सुजलेली ग्रंथी लाळेची असते. आंबट जिभेवर पडलं की ती लाळ सोडायला बघते आणि दुखणं वाढतं. "आजी, पेज द्या, मऊ भात द्या, पाणी भरपूर द्या." लेप काढायला मी सांगितलं नाही, त्याने नुकसान काही होत नव्हतं. सूज आल्यापासून पाच दिवस शाळा बंद. डोकं फार दुखलं, मान आखडली, सारख्या उलट्या झाल्या किंवा ऐकू कमी आलं, तर लगेच दवाखाना.

ओमचे बाबा दाराबाहेरच थांबले होते. बायको आणि आजी औषध घ्यायला गेल्यावर ते आत आले. "मॅडम, याने पुढे... मूल होत नाही म्हणतात?" ही भीती बापांना असते आणि ते ती बायकोसमोर बोलत नाहीत. वयात आलेल्या मुलांना आणि पुरुषांना गालगुंडात अंडाला सूज येऊ शकते, ती बहुधा एकाच बाजूला असते आणि त्यातही कायमचं वंध्यत्व दुर्मीळ. सात वर्षांच्या मुलात ही सूज क्वचितच येते. तरी तिथे दुखतंय म्हणाला तर लाजू नका, दाखवा. ते बराच वेळ मान हलवत राहिले.

राहिली धाकटी. एमआर द्यायची की खासगीत एमएमआर? मी डॉक्टरांनाही विचारलं. गालगुंडाची लागण दुसऱ्याला सूज यायच्या आधीपासूनच होऊ लागते, त्यामुळे ओमकडून बहिणीला ती लागली असेल तर आता दिलेली एमएमआरही यावेळचं गालगुंड थांबवणार नव्हती. गोवराचा डोस मात्र राहून गेला होता. एमआर आत्ता घ्यायची, एमएमआर पुढे बालरोगतज्ज्ञांना विचारून, मध्ये निदान चार आठवडे ठेवून, असं ठरलं. मी आईला दोन गोष्टी आधीच सांगून ठेवल्या: लसीनंतर साधारण आठवड्याने ताप किंवा बारीक पुरळ येऊ शकतं, आणि दोन-तीन आठवड्यांत हिचाही गाल फुगू शकतो, तो लसीमुळे नसेल, भावाकडून आलेला असेल.

लस दिल्यानंतर तेराव्या दिवशी फोन आला. "मॅडम, फुगला हो हिचा पण. उजवा." आवाजात राग नव्हता. आंबट बंद केलंय, पेज चालू आहे, ताप शंभरच्या आत आहे, हे सगळं त्यांनीच सांगितलं. मग म्हणाल्या, "थांबा, फोन ठेवू नका. माझ्या जावेचं बाळ दहा महिन्यांचं आहे, तिचं कार्ड आणलंय. वाचून दाखवते, कुठली राहिलीय ते सांगा."